अकरा माशांचा हिशेब
श्री. शरणकुमार लिंबाळे यांच्या वाङ्मयाचा विचार

सोनाराच्या कांट्यावर आठ गुंजांचा एक मासा होतो आणि बारा माशांचा एक तोळा भरतो. त्यांत एक मासा कमी पडला म्हणजे तो माल उणा. मराठींतील 'अक्करमाशी' ही शिवी या कांट्यावरून आलेली आहे. ज्याच्या जन्माला विवाहाची संमति नाहीं, ज्याचा बाप एका जातीचा व आई दुसऱ्या जातीची, असा मनुष्य समाजाच्या तराजूंत एका माशानें कमी भरतो, असें ती शिवी सांगते. आमच्या भाषेंतील शिव्यांचा कोणी पद्धतशीर अभ्यास करील तर त्याला असें आढळून येईल, कीं त्यांतल्या सर्वांत निष्ठुर शिव्या रागांतून निघालेल्या नाहींत. त्या हिशेबांतून निघालेल्या आहेत. १९८४ सालीं श्री. शरणकुमार लिंबाळे यांनीं आपल्या आत्मकथनास हेंच नांव दिलें. त्या वेळीं त्यांचें वय तिशीच्या आंतलें होतें. पुढें त्यांच्या एका कथासंग्रहाचें नांव 'बारामाशी' असें आलें. या दोन नांवांमध्यें जो एक मासा आहे, त्याचा शोध म्हणजेच या लेखकाचें सारें वाङ्मय, असें म्हटल्यास फारशी अतिशयोक्ति होणार नाहीं.

श्री. लिंबाळे यांचा जन्म सोलापूर जिल्ह्यांत, अक्कलकोट तालुक्यांतील हन्नूर या गांवचा. जन्मतारीख १ जून १९५६ अशी दिली जाते. (शाळेंत नांव घालतेवेळीं मास्तरांनीं सोयीनें लावून दिलेली जन्मतारीख आमच्याकडील खेड्यांतल्या एका सबंध पिढीची १ जून हीच आहे, हें वाचकांस ठाऊक असेलच.) अक्कलकोट हें १९४८ पर्यंत भोसल्यांचें संस्थान होतें. त्याला लागूनच कानडी मुलूख सुरू होतो, आणि तेथल्या बाजारांत मराठी, कानडी व दखनी या तिन्ही भाषा एकाच सौद्यांत कानांवर पडतात. ज्या घरांत हा मुलगा वाढला तें घरहि तसेंच. आई महार, वडील लिंगायत पाटील, आणि आजीच्या सोबतीनें राहणारा, या मुलाला जीव लावणारा 'दादा' मुसलमान. एका चुलीभोंवतीं तीन समाज. परंतु त्यांपैकीं एकहि समाज या मुलाला निःशंकपणें आपला म्हणावयास तयार नाहीं. शाळेंत नांव घालावयाचें तर बापाच्या रकान्यांत काय लिहावें हा प्रश्न उभा राहिला. मास्तरांनीं वडिलांचें नांव लिहिलें, तेव्हां तें काढून टाकावें म्हणून त्यांच्यावर दडपण आलें. मास्तर बधले नाहींत. आत्मकथनांतील अनेक प्रसंग याहून भयंकर आहेत. तथापि या लेखकाची पुढची सर्व घडण मला या एका प्रसंगांत दिसते. त्याचा मनुष्य म्हणून पहिला जन्म हजेरीपटाच्या एका रकान्यांत झाला, आणि तो रकाना भरावा कीं नाहीं यावर गांवांत तंटा झाला.

पुढील हकीकत थोडक्यांत सांगतां येते. शिक्षण झालें, टेलिफोन ऑपरेटरची नोकरी झाली, मराठी दलित साहित्य आणि अमेरिकेंतील निग्रो म्हणविल्या गेलेल्या लोकांचें कृष्णवर्णीय साहित्य यांच्या तुलनात्मक अभ्यासावर डॉक्टरेट मिळाली, आणि नाशिकच्या यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठांत त्यांनीं प्राध्यापक व प्रशासक म्हणून दीर्घकाळ काम केलें. ज्यांना शाळेचा उंबरठा वेळेवर ओलांडतां आला नाहीं अशांसाठीं काढलेलें हें विद्यापीठ. तेथें या लेखकाची योजना व्हावी, यांत एक औचित्य आहे.

आतां 'अक्करमाशी'कडे वळूं. दया पवार यांचें 'बलुतं' १९७८ सालीं आणि लक्ष्मण माने यांचें 'उपरा' १९८० सालीं प्रसिद्ध झालें होतें. त्यामुळें लिंबाळे यांच्या पुस्तकाला वाट मोकळी झालेली होती हें खरें. परंतु त्यामुळेंच तें एक अनुकरण ठरण्याचा धोकाहि होता. तें तसें ठरलें नाहीं याचें कारण त्यांतील भूक. भुकेचीं वर्णनें मराठींत थोडीं नाहींत. पण तीं बहुतेक दुरून केलेलीं आहेत, आणि म्हणून त्यांत करुणेचा ओलावा अधिक व पोटाची आग कमी. येथें आजी गुरांच्या शेणांतून न पचलेले दाणे निवडते, धुते, वाळवते, त्यांचें पीठ करते, आणि त्याची भाकर स्वतः खाते. लेखक हें सांगतो तेव्हां त्याच्या वाक्यांत एकहि विशेषण जास्त पडत नाहीं. घडलें तें क्रमानें येतें आणि संपतें. शाळेच्या सहलींतील प्रसंगहि असाच. सवर्ण मुलें एका झाडाखालीं, महारांचीं मुलें दुसरीकडे, आणि उरलेलें अन्न शेवटीं कोणाच्या हातांत पडतें, एवढेंच तो दाखवितो. तें अन्न त्या मुलांना गोड लागतें, हीच त्या प्रसंगांतली खरी जखम आहे. आणि ती लेखकानें न झांकतां ठेवली आहे.

परंतु सर्व पुस्तक या तोलाचें नाहीं. कित्येक ठिकाणीं प्रसंग संपल्यावर लेखक प्रश्नांची सरबत्ती सुरू करतो. माझी जात कोणती, माझा धर्म कोणता, मी कोणाचा, या आशयाचे प्रश्न एकामागून एक येतात. पहिल्या वेळीं ते वाचकाला हलवितात. चौथ्या वेळीं वाचक त्यांची वाट पाहूं लागतो, आणि वाट पाहिलेला आघात लागत नाहीं. शेणांतल्या दाण्यांनीं जें सांगितलें तें पुन्हा प्रश्नचिन्हांनीं सांगावयाचें कारण नव्हतें.

आणखी एक गोष्ट. या पुस्तकांत आजी जितकी उभी राहते तितकी आई राहत नाहीं. आई सतत मुलाच्या नजरेंतून दिसते: कधीं दयेनें, कधीं लाजेनें, कधीं रागानें. तिच्यावर झालेला अन्याय लेखकाला पुरता कळतो, पण त्या अन्यायांत दिवस काढणारी बाई काय बोलत असेल, तिनें कशांत समाधान मानलें असेल, हें फारसें ऐकूं येत नाहीं. बेबी कांबळे यांचें 'जिणं आमुचं' किंवा ऊर्मिला पवार यांचें 'आयदान' वाचल्यावर ही उणीव विशेष जाणवते. मुलानें आईचा न्याय मागणें आणि आईनें स्वतः बोलणें यांत अंतर आहे. तें अंतर लिंबाळे यांना माहीत असावें. कारण आईसंबंधीं लिहितांना त्यांची लेखणी पुनःपुन्हा अडखळते, आणि तें अडखळणें त्यांनीं लपविलेलें नाहीं.

कवि म्हणून श्री. लिंबाळे यांची आठवण फार थोड्यांना होते. 'उत्पात' हा त्यांचा संग्रह आत्मकथनाच्याहि पूर्वींचा, आणि 'श्वेतपत्रिका' हा १९८९ चा. नामदेव ढसाळ यांचा 'गोलपिठा' १९७२ सालीं निघाला आणि त्यानें मराठी कवितेची भाषाच उलथी केली. त्या प्रचंड झाडाच्या सांवलींत पुढच्या पिढीच्या पुष्कळ कविता खुरटल्या. लिंबाळे यांची कविता सर्वस्वीं त्यांतून सुटली असें म्हणवत नाहीं. क्रोधाचा तारस्वर तिच्यांतहि आहे. परंतु 'श्वेतपत्रिका' या नांवांत त्यांचें स्वतःचें कांहीं आहे. ढसाळांची कविता रस्त्यावर जन्मते, लिंबाळ्यांची कचेरींत. श्वेतपत्रिका काढते तें सरकार. सत्ताधाऱ्यांच्या त्या दस्तऐवजाचें नांव घेऊन एका नागवल्या गेलेल्या माणसानें आपली मागणी मांडावी, ही कल्पना ज्याचें नांव एके काळीं हजेरीपटावर घालावें कीं घालूं नये असा वाद झाला त्यालाच सुचणार. त्यांची चांगली कविता अर्जासारखी असते: कोरडी, क्रमवार, आणि शेवटच्या ओळीपाशीं अचानक अर्ज न राहिलेली. ही वाट त्यांनीं पुढें फार चालविली नाहीं. प्राध्यापक आणि वादपटु लिंबाळे यांनीं कवि लिंबाळे यांना मागें बसविलें.

तो वादपटु १९९६ च्या 'दलित साहित्याचें सौंदर्यशास्त्र' या ग्रंथांत पूर्ण तेजानें प्रकट झाला. त्याचें आलोक मुखर्जी यांनीं केलेलें इंग्रजी भाषांतर २००४ सालीं निघालें, आणि संतोष भूमकर यांनीं भाषांतरिलेली 'अक्करमाशी' त्याच्या आधींच, २००३ सालीं. त्यामुळें महाराष्ट्राबाहेर आज हा ग्रंथ दलित साहित्याचा जणूं आधारग्रंथ म्हणून वाचला जातो. त्याचें प्रतिपादन सरळ आहे. सत्य, शिव आणि सुंदर ही त्रयी ज्यांनीं बनविली त्यांच्या सत्यांत अस्पृश्यता बसत होती, त्यांच्या शिवांत विटाळ बसत होता. तेव्हां त्यांच्या सुंदरावर आमचा विश्वास कां असावा? वाङ्मयाचें प्रयोजन आनंद असें म्हणतात; परंतु वेदनेचें वाङ्मय आनंदाच्या मापानें कसें मोजणार? म्हणून स्वातंत्र्य, समता, न्याय, बंधुता आणि त्यांच्या मुळाशीं असलेला मनुष्य, हेंच दलित साहित्याचें मूल्य. कलावंताची प्रेरणा अनुभवांतून यावी, त्यानें त्या अनुभवाचें सामाजिकीकरण करावें, तो अनुभव प्रदेशाची सीमा ओलांडण्याइतका सामर्थ्यवान् असावा आणि कोणत्याहि काळीं अर्थपूर्ण वाटावा, अशा कसोट्या ते देतात.

या ग्रंथावर आमच्या टीकाकारांनीं जे आक्षेप घेतले त्यांतले पुष्कळसे आळसाचे आहेत. 'साहित्य तें साहित्य, त्यांत दलित काय नि ब्राह्मण काय' असें म्हणणाराला एवढेंच विचारावें, कीं हें तत्त्व आपणांस १९७२ नंतरच कसें सुचलें? मर्ढेकरांचें 'सौंदर्य आणि साहित्य' हें आमच्या भाषेंतील असामान्य पुस्तक आहे. परंतु त्यांतील लयतत्त्व हातांत घेऊन शेणांतल्या दाण्यांपाशीं गेलें तर आपण काय बोलणार, याची चिंता मर्ढेकरांच्या अनुयायांनीं केली नाहीं. ती करण्याचें काम लिंबाळे यांनीं केलें. हा त्यांचा मोठा अधिकार आहे, आणि तो आधीं मान्य करूनच पुढचें बोलावें.

पुढचें असें. लिंबाळे यांच्या कसोट्या लावल्या तर 'अक्करमाशी'तील प्रश्नांच्या सरबत्तीचीं पानें आणि शेणांतील दाण्यांचें पान हीं दोन्हीं सारख्याच गुणांनीं उत्तीर्ण होतात. दोहोंची प्रेरणा अनुभवाची, दोहोंत सामाजिक जाणीव, दोहोंचा पक्ष मनुष्याचा. तरीसुद्धां एक पान वाचून माणूस पुस्तक मिटतो व गप्प बसतो, आणि दुसरें पान तो चाळून पुढें जातो. हा भेद ज्या शास्त्राला सांगतां येत नाहीं तें शास्त्र अपुरें आहे. आणि त्यानें सर्वांत जास्त नुकसान होतें तें दलित लेखकाचेंच. कारण मग त्याला कोणी असें सांगणारच नाहीं, कीं बाबा, येथें तुझी आजी बोलते आहे आणि येथें तुझा अभ्यासवर्ग बोलतो आहे. सवर्ण टीकाकार भीतीनें गप्प बसेल, आणि स्वकीय टीकाकार निष्ठेनें. सौंदर्य हा शब्द विटाळला असेल तर टाकावा, माझी हरकत नाहीं. पण त्या पानावरील संयमाला, त्या वेंचक क्रियापदांना, त्या न बोललेल्या शब्दाला कांहीं तरी नांव द्यावें लागेल. लिंबाळे गद्यकाराला हें ठाऊक आहे. लिंबाळे शास्त्रकारानें त्याला विचारलें नाहीं.

अमेरिकेशीं तुलना हा त्यांच्या अभ्यासाचा विषय. या तुलनेला मराठींत शंभर वर्षांहून जुनी परंपरा आहे. जोतीराव फुले यांनीं १८७३ सालीं 'गुलामगिरी' हा ग्रंथ अमेरिकेंतील दास्यमुक्तीसाठीं झटणाऱ्या लोकांना अर्पण केला, आणि १९७२ च्या दलित पँथरनें तर नांवच तिकडून घेतलें. तेव्हां लिंबाळे यांनीं तीच वाट धरली हें स्वाभाविक होतें. परंतु 'अक्करमाशी' वाचतांना मला अमेरिकेंतील कृष्णवर्णीयांहून तेथील मूळच्या लोकांची, आणि त्यांतहि चेरोकी राष्ट्राची, अधिक आठवण होते. सेक्वोया नांवाच्या गृहस्थानें १८२१ च्या सुमारास त्यांच्या भाषेसाठीं अक्षरमाला बनविली. १८२८ सालीं त्यांचें स्वतःचें वृत्तपत्र निघालें. पुढें दहा वर्षांत, १८३८-३९ च्या सुमारास, या लिहित्या-वाचत्या लोकांना सैन्याच्या पहाऱ्यांत पश्चिमेकडे हांकून नेण्यांत आलें. सुमारें सोळा हजारांपैकीं चार हजार वाटेंत व छावण्यांत मेले असा अंदाज आहे. आणि त्या शतकाच्या अखेरीस सरकारी आयोगानें त्यांच्या याद्या केल्या, तेव्हां नांवापुढें रक्ताचा अपूर्णांक लिहिला: अर्धा, पाव, एक अष्टमांश. आमच्याकडे मासे, तिकडे अपूर्णांक, कांटा तोच.

ही तुलना आणखी एका कारणासाठीं उपयोगी आहे. चेरोकींपैकीं कांहींजण स्वतः गुलाम बाळगीत, आणि त्या गुलामांच्या वंशजांची यादी वेगळी करण्यांत आली. त्यांच्या नागरिकत्वाचा हक्क न्यायालयाकडून निश्चित व्हावयास २०१७ साल उजाडावें लागलें. दलितानें दलितेतराला दोष द्यावा हें सोपें. परंतु पीडिताच्या घरांतहि एक लहानसा कांटा टांगलेला असतो. 'अक्करमाशी'तील मुलाला सोयरीक जमवितांना हें कळतें. ज्या समाजाचे हाल तो भोगतो तो समाजहि विचारतो, तूं आमच्यांत पूर्ण कीं उणा? हीं पानें पुस्तकांतील सर्वांत धाडसाचीं आहेत, आणि त्यांची चर्चा सर्वांत कमी झाली आहे.

चेरोकी वंशाचे विद्वान् जेस वीव्हर यांचा मूलनिवासी वाङ्मयावरील ग्रंथ १९९७ सालीं, म्हणजे लिंबाळे यांच्या सौंदर्यशास्त्रानंतर एका वर्षानें, प्रसिद्ध झाला. समाज आणि चळवळ या अर्थाच्या दोन इंग्रजी शब्दांचा सांधा करून त्यांनीं एक नवा शब्द बनविला, आणि वाङ्मय आपल्या लोकांना कितपत जगवितें हीच त्याची कसोटी मानली. दोन गोलार्धांत दोघे परस्परांस न विचारतां जवळजवळ एकाच ठिकाणीं पोंचले. तरी फरक आहे, आणि तो महत्त्वाचा आहे. चेरोकी लेखकाची जमीन गेली, भाषा जावयास आली. परंतु मागें वळून पहावयास त्याला एक राष्ट्र आहे, स्वतःची लिपि आहे, पुराणकथा आहेत. लिंबाळे यांना मागें वळून पाहिलें तर गांवकुसाबाहेरची वस्ती दिसते, आणि हातांत जी भाषा आहे ती शिवी देणाऱ्याचीच. चेरोकी लेखक हरवलेलें परत मागतो. दलित लेखकाला परत मागावयास कांहीं नाहीं. त्याला प्रथमच मागावयाचें आहे. म्हणून त्याच्या लेखनांत स्मरणरंजन जवळजवळ नाहीं, आणि म्हणूनच तें आमच्या रसिकांना रूक्ष वाटतें.

मागें पहावयास अगदीं कांहींच नाहीं, हें मात्र आम्हां सोलापूरकरांना सहजासहजीं पटावयाचें नाहीं. हन्नूरच्याच जिल्ह्यांत मंगळवेढें आहे. चोखामेळा तेथला. परंपरा असें सांगते, कीं १३३८ सालीं वेठीनें गांवकूस बांधतांना तें अंगावर कोसळून तो मेला, आणि त्याची समाधि पंढरपुरास महाद्वारीं झाली: देवळाबाहेर. त्याचा मुलगा कर्ममेळा तर देवालाच जाब विचारतो. दलित साहित्याच्या प्रवक्त्यांपैकीं अनेकांनीं चोखोबाला आपला पूर्वज मानण्याचें नाकारलें, कारण त्यानें आपलें हीनत्व पूर्वकर्माच्या खात्यावर टाकलें. हा नकार मी समजूं शकतों. पण कर्ममेळ्याचें काय? बापाच्या समजुतीवर न भागणारा, आपल्या जन्माचा हिशेब मागणारा हा मुलगा लिंबाळे यांच्या किती जवळचा आहे! सौंदर्यशास्त्राच्या ग्रंथांत या बापलेकांना एक स्वतंत्र प्रकरण मिळावयास हवें होतें, असें मला राहून राहून वाटतें.

'हिंदू', 'बहुजन', 'झुंड' या कादंबऱ्यांविषयीं येथें विस्तार करीत नाहीं. त्यांत चळवळींतील फाटाफुटीचें निर्भय दर्शन आहे, परंतु पात्रें पुष्कळदां मतांच्या पाट्या गळ्यांत घालून वावरतात. २०१८ च्या 'सनातन'चा पट मात्र मोठा आहे. महारांच्या इतिहासाला, जो इतिहास म्हणून कोणी लिहून ठेवला नाहीं, कादंबरीच्या रूपानें उभा करण्याचा तो प्रयत्न. या कृतीला २०२० चा सरस्वती सन्मान मिळाला. मराठींत तो पूर्वीं विजय तेंडुलकर व महेश एलकुंचवार यांना मिळालेला होता. सन्मान योग्यच झाला. तथापि पुढील पन्नास वर्षांनीं कोणतें पुस्तक हातांत असेल असें कोणी मला विचारलें, तर मी 'अक्करमाशी'च म्हणेन, आणि त्यांतहि आजीचीं पानें.

एक व्यावहारिक सूचना करावीशी वाटते. इंग्रजी वाचकाजवळ आज भाषांतर आहे, प्रस्तावना आहे, मुखर्जी यांच्याशीं झालेला लेखकाचा संवाद आहे. मराठी वाचकासाठीं 'अक्करमाशी'ची सटीप आवृत्ति कोणी तरी सिद्ध करावी. अक्कलकोटकडील बोलींत कानडीचें व दखनीचें मिश्रण आहे. त्या मुलुखांतील बलुत्याच्या, मेलेल्या ढोराच्या, बाजारच्या व यल्लम्माच्या जत्रेच्या शब्दांचे अर्थ पुण्यामुंबईच्या वाचकाला आजच लागत नाहींत, आणि ते शब्द वापरणारीं म्हातारीं माणसें तालुक्यांत झपाट्यानें कमी होत आहेत. हें काम सोलापुरांतच व्हावयास हवें, आणि तीं माणसें आहेत तोंवर.